बर्फाने बंद पडलेली शाळा आणि अर्धी भरलेली शाळा



आज एका गाजलेल्या पेपरची चिरफाड करायची आहे. चिरफाड म्हणजे झोडपणं नव्हे. पेपर मला आवडतो, म्हणूनच त्याच्यावर वेळ घालवतोय. विषय आपल्याला थोडा लांबचा वाटेल: अमेरिकेत बर्फाच्या वादळांमुळे शाळा बंद राहतात, त्याने मुलांच्या अभ्यासाचं नुकसान होतं का? पण 'कार्यकारणाचा पुरावा' कसा तयार होतो आणि तो कुठे तुटतो हे शिकायला यापेक्षा सोयीचं उदाहरण मला तरी मिळालेलं नाही. अर्थमितीचा एकही कोर्स केला नसेल तरी चालेल.

आधी थोडी पार्श्वभूमी. अमेरिकेच्या ईशान्य भागात हिवाळ्यात बर्फ पडणं नवीन नाही. मोठं वादळ येणार असं दिसलं की शालेय जिल्ह्याचा सुपरिंटेंडंट, म्हणजे त्या भागातल्या सरकारी शाळांचा प्रमुख अधिकारी, आदल्या रात्री किंवा भल्या पहाटे निर्णय घेतो: उद्या शाळा बंद. याला तिथे 'स्नो डे' म्हणतात. मुलं खूश, आईबाप हैराण. मॅसॅच्युसेट्स राज्याचा नियम असा की शाळांनी वेळापत्रकात १८५ दिवस धरायचे आणि किमान १८० दिवस शाळा भरवायचीच. म्हणजे पाच दिवसांची सोय आधीच करून ठेवलेली. बुडालेले दिवस जूनमध्ये, वर्षाच्या शेवटी भरून काढतात.

इथे संशोधकांच्या डोळ्यांत चमक येते. का? कारण राज्याची परीक्षा जूनच्या आधीच होऊन जाते. ज्या वर्षी बर्फ जास्त, त्या वर्षी परीक्षेआधी शिकवण्याचे दिवस कमी. आणि बर्फ किती पडावा हे ना शिक्षक ठरवत, ना पालक. निसर्गानेच चिठ्ठ्या टाकल्यासारखं झालं. यालाच आपण 'नैसर्गिक प्रयोग' म्हणतो.

पहिलं उत्तर: मेरीलँड

डेव्ह मार्कॉट आणि स्टीव्हन हेमेल्ट यांनी २००८ साली 'एज्युकेशन फायनान्स अँड पॉलिसी' या नियतकालिकात मेरीलँड राज्यावर पेपर छापला. तिसरी, पाचवी आणि आठवीच्या मुलांचे १९९४ पासूनचे वाचन आणि गणिताचे निकाल घेतले. त्यांचा निष्कर्ष: सरासरी पाच दिवस अचानक शाळा बंद राहिली अशा वर्षी, एकही दिवस बंद नसलेल्या वर्षाच्या तुलनेत, शाळेतल्या 'समाधानकारक' पातळी गाठणाऱ्या तिसरीच्या मुलांची संख्या जवळपास ३ टक्क्यांनी घटते. मोठ्या इयत्तांत परिणाम कमी.

एक गोष्ट इथेच लक्षात ठेवा. '३ टक्क्यांनी घट' आणि '३ टक्के अंकांची घट' या वेगळ्या गोष्टी आहेत. १०० पैकी ६० मुलं पातळी गाठत असतील तर ३ टक्क्यांनी घट म्हणजे ६० ची साधारण ५८ झाली, ५७ नव्हे. बातमीत हा फरक हमखास गळतो.

याच पेपरात एक जास्त गाजलेलं वाक्य आहे. त्या काळी 'नो चाइल्ड लेफ्ट बिहाइंड' कायद्याखाली प्रत्येक शाळेला दरवर्षी ठरलेली प्रगती दाखवावी लागे. लेखकांचं म्हणणं असं की तिसरीच्या गणितात किंवा वाचनात नापास ठरलेल्या शाळांपैकी निम्म्याहून जास्त शाळा पास झाल्या असत्या, जर त्या वेळापत्रकातल्या सगळ्या दिवशी उघड्या राहिल्या असत्या तर.

'जर उघड्या राहिल्या असत्या तर.' हे शब्द अधोरेखित करून ठेवा. सगळी गंमत तिथेच आहे.

दुसरं उत्तर: मॅसॅच्युसेट्स

जून २०१४ मध्ये जोशुआ गुडमन यांचा पेपर नॅशनल ब्युरो ऑफ इकॉनॉमिक रिसर्चच्या वर्किंग पेपर मालिकेत आला. नाव 'फ्लेकिंग आऊट'. फ्लेक म्हणजे बर्फाचा कण, आणि अमेरिकन बोलीत 'फ्लेक आऊट' म्हणजे यायचं कबूल करून ऐनवेळी दांडी मारणं. नावातच पेपरचा मुद्दा आलाय: बर्फ आणि दांडी.

गुडमन यांनी जे पाहिलं ते इतकं साधं आहे की आधी कुणाला का सुचलं नाही असं वाटतं. बर्फ खूप पडला तर शाळा बंद होते. पण बर्फ मध्यम पडला तर? शाळा उघडी राहते, मात्र काही मुलं येत नाहीत. कुणाची गाडी निघत नाही, कुणाची बस चुकते, कुणाची आई म्हणते आज राहू दे. म्हणजे एकच 'बर्फ' दोन वेगळ्या गोष्टी घडवतो: जोराचा बर्फ शाळा बंद पाडतो, मध्यम बर्फ गैरहजेरी वाढवतो.

आता तुम्ही बर्फाळ वर्षात निकाल घसरलेला पाहिलात आणि सगळं खापर बंद दिवसांवर फोडलंत, तर कदाचित चुकीच्या आरोपीला शिक्षा होतेय. बर्फाळ वर्षात बंद दिवसही जास्त आणि अर्धवट भरलेल्या वर्गांचे दिवसही जास्त. गुडमन यांनी दोन्ही वेगळे काढले आणि मिळालं ते असं: शाळा बंद राहिल्याचा गुणांवर परिणाम दिसत नाही. हवामानामुळे पडलेल्या प्रत्येक गैरहजेरीमागे मात्र गणितातली कामगिरी ०.०५ प्रमाण विचलनाने घटते. त्यावरून पुढचा दावा: श्रीमंत आणि गरीब मुलांच्या कामगिरीतल्या दरीचा जास्तीत जास्त एक चतुर्थांश भाग हजेरीच्या फरकातून समजावता येईल.

असं का व्हावं? गुडमन यांनी एडवर्ड लेझिअर यांच्या २००१ च्या प्रारूपाचा आधार घेतलाय. लेझिअर यांची कल्पना थोडक्यात अशी: वर्ग ही सगळ्यांची सामायिक गोष्ट. एकाने गोंधळ घातला तर शिकणं सगळ्यांचं थांबतं. समजा, एखाद्या क्षणी प्रत्येक मूल शांत असण्याची शक्यता ९८ टक्के आहे आणि वर्गात २५ मुलं आहेत. तर सगळी एकाच वेळी शांत असण्याची शक्यता ०.९८ चा २५ वा घात, म्हणजे साधारण ६० टक्के. शक्यता ९८ वरून ९६ वर आली की हाच आकडा ३६ टक्क्यांवर येतो! प्रत्येक मुलात किंचित फरक, वर्गात प्रचंड फरक.

गैरहजेरीला हेच लावा. शाळा बंद असेल तर सगळ्यांचा अपूर्णांकांचा धडा एकदमच बुडतो. दुसऱ्या दिवशी बाई तोच धडा सगळ्यांना शिकवतात, एखादा कमी महत्त्वाचा भाग गाळतात, गाडी पुढे जाते. पण आज हे सात नाहीत, उद्या ते पाच नाहीत, असं झालं तर बाईंनी करायचं काय? मागचं पुन्हा शिकवलं तर आलेल्या मुलांचा वेळ जातो. नाही शिकवलं तर न आलेली मुलं मागे पडतात.

पेपरने काय कमावलं

टीका करण्याआधी कमाई मान्य करायला हवी. गुडमन यांनी आकडा नव्हे, प्रश्न बदलला. मार्कॉट-हेमेल्ट यांच्या 'जर शाळा उघड्या राहिल्या असत्या तर' या वाक्यात एक गृहीतक लपलं होतं: उघडी शाळा म्हणजे नेहमीसारखी शाळा. पण ज्या दिवशी दीड-दोन फूट बर्फ पडलाय त्या दिवशी उघडी ठेवलेली शाळा नेहमीसारखी असणार कशी? अर्धे वर्ग रिकामे, काही शिक्षकही पोहोचलेले नाहीत, आलेल्यांना सिनेमा दाखवून बसवलंय. बंद शाळेची तुलना स्वच्छ उन्हाच्या दिवशीच्या भरलेल्या शाळेशी करायची, की त्याच वादळी दिवशीच्या अर्ध्या भरलेल्या शाळेशी? सुपरिंटेंडंटच्या हातात फक्त दुसरा पर्याय असतो. ऊन पाडणं त्याच्या हातात नाही.

तुमच्या प्रबंधाच्या प्रस्तावात 'अमुक न झालं असतं तर' हे वाक्य कुठेही आलं की स्वतःला विचारा: न झालं असतं तर त्याच्या जागी नेमकं काय झालं असतं? माझ्या मते या पेपरची खरी शिकवण ही आहे आणि ती ०.०५ पेक्षा जास्त टिकाऊ आहे.

आता टीका. माझे तीन आक्षेप आहेत.

आक्षेप पहिला: ०.०५ हा आकडा कुणाचा?

कुठलाही परिणाम वाचला की मी आधी एक ढोबळ हिशेब करतो. तुम्हीही करा, कागदाच्या मागच्या बाजूला मावतो.

अमेरिकेत चौथी-पाचवीच्या आसपास मूल एका वर्षात गणितात ढोबळमानाने अर्ध्या प्रमाण विचलनाइतकं पुढे जातं. वर्ष १८० दिवसांचं. ०.५ भागिले १८०, म्हणजे दिवसाला ०.००३ च्या आतच. याला आपण 'एका दिवसाचा साधा भाव' म्हणू.

गुडमन यांच्या मते एका गैरहजेरीची किंमत ०.०५. साध्या भावाच्या सुमारे अठरापट! म्हणजे मूल एक दिवस घरी राहिलं तर जवळजवळ महिनाभराच्या शाळेचं शिकणं गेलं? हे सरळ अर्थाने पटण्यासारखं नाही.

मग काय, आकडा चुकीचा? तसंच काही नाही. अर्थ वेगळा असू शकतो. नीट बघा: बर्फ कुणा एका मुलाच्या घरावर पडत नाही, अख्ख्या गावावर पडतो. ज्या वर्षी एखाद्या गावात मध्यम बर्फाचे दिवस जास्त, त्या वर्षी त्या शाळेतल्या सगळ्यांच्याच गैरहजेऱ्या वाढतात. म्हणजे बर्फाचा वापर करून आपण जो परिणाम मोजतो त्यात माझी स्वतःची गैरहजेरीही आहे आणि माझ्या वर्गमित्रांची गैरहजेरीही. दोन्ही एकत्र शिजलेल्या आहेत. हवामान जागा आणि वर्षानुसार बदलतं, मुलागणिक नाही. त्यामुळे या साधनाने दोन्ही वेगळ्या काढता येत नाहीत.

आणि लेझिअरच्या प्रारूपाप्रमाणे नुकसान नेमकं इतरांच्या गैरहजेरीतूनच व्हायला हवं ना? म्हणजे गुडमन यांचं स्वतःचं स्पष्टीकरण खरं असेल, तर ०.०५ हा 'एका मुलाच्या एका दांडीचा' भाव नाही. तो 'वर्गभर विखुरलेल्या गैरहजेरीचा' भाव आहे, मुलागणिक वाटून दाखवलेला.

आता एक चतुर्थांश दरीच्या दाव्याकडे या. अशा दाव्याचा हिशेब साधारण असा मांडतात: गरीब मुलं श्रीमंत मुलांपेक्षा वर्षाला जितके दिवस जास्त गैरहजर राहतात, त्याला ०.०५ ने गुणायचं आणि एकूण दरीने भागायचं. पण इथे सामूहिक भाव वैयक्तिक गैरहजेरीला लावला जातोय. शिवाय या गैरहजेऱ्या बर्फाने पडलेल्या नाहीत. दमा आहे, घर बदललंय, धाकट्या भावंडाला सांभाळायचंय अशा कारणांच्या आहेत. घाऊक बाजारात ठरलेला भाव किरकोळ दुकानात लावण्यासारखं आहे हे. पेपरमध्ये 'जास्तीत जास्त' हा शब्द आहे, आणि तो प्रामाणिकपणे घातलाय. पण सारांश उद्धृत करणारे तो शब्द आधी गाळतात.

यात काय पणाला लागलंय ते सांगतो. भाव वैयक्तिक मानला तर धोरण असं निघतं: गरीब पालकांना नोटिसा पाठवा, मुलं शाळेत पाठवत नाहीत म्हणून दंड करा. भाव सामूहिक मानला तर धोरण वेगळं निघतं: विखुरलेली गैरहजेरी पेलता येईल असं शिकवणं उभं करा, मागे पडलेल्यांना पकडायला शिक्षकाला वेळ आणि मदत द्या. एकाच गुणांकातून पालकाला दोषी ठरवता येतं किंवा शाळेला मदत मागता येते. म्हणून हा वाद किचकट वाटला तरी कोरडा नाही.

आक्षेप दुसरा: मध्यम बर्फ आणखी काय काय करतो?

साधन-चलाची पद्धत, म्हणजे आपण ज्याला सरळ 'इन्स्ट्रुमेंट' म्हणतो ती, एका अटीवर उभी असते: साधनाचा परिणाम निकालावर फक्त एकाच वाटेने व्हायला हवा. इथे अट अशी की मध्यम बर्फाने गुण घटले तर ते फक्त गैरहजेरीमुळे.

खरंच तसं आहे का? मध्यम बर्फाच्या दिवशी शिक्षकही उशिरा येतात किंवा येतच नाहीत. बस उशिरा पोहोचली की पहिला तास गेला. मुलं आली तरी बूट-मोजे ओले, लक्ष खिडकीबाहेर. यातलं काहीही हजेरीपटात 'गैरहजर' म्हणून नोंदलं जात नाही, पण शिकणं तर बुडतं. हे सगळं नुकसान शेवटी गैरहजेरीच्या खात्यावर चढतं, कारण आपल्या समीकरणात दुसरं खातंच नाही. अठरापट भाव दिसण्याचं हेही एक कारण असू शकतं.

परीक्षेत किंवा मुलाखतीत कुणी 'इन्स्ट्रुमेंट वैध आहे का' असं विचारलं तर पाठ केलेली व्याख्या म्हणू नका. त्या दिवसाचं चित्र डोळ्यांसमोर आणा आणि दुसऱ्या वाटा मोजा. संगणक या वाटा सांगणार नाही. त्यासाठी शाळेत सकाळी काय घडतं हे माहीत असावं लागतं.

आक्षेप तिसरा: शून्य किती शून्य?

'बंद दिवसांचा परिणाम नाही.' हे वाक्य वर्तमानपत्रात गेलं की त्याचं 'स्नो डे निरुपद्रवी' होतं. थांबा. 'परिणाम दिसला नाही' आणि 'परिणाम नाही' यांत फरक आहे.

पुन्हा आपला साधा भाव घ्या. एक बंद दिवस म्हणजे ०.००३. दोन दिवस बंद राहिले तर ०.००६. इतका बारीक परिणाम ओळखायचा असेल तर मोजमापाची चूक त्याहूनही बरीच लहान हवी. म्हणून तक्ता उघडल्यावर तारका बघू नका, विश्वासाची मर्यादा बघा: तिच्यात ०.००३ बसतो का? बसत असेल तर पेपर मोठे परिणाम नाकारतोय, एका दिवसाचं साधं, रोजचं नुकसान नाकारत नाहीये. हा तुमचा गृहपाठ.

तुलनेसाठी मेरीलँडचा निकाल याच मापात आणून पाहू. समजा ६० टक्के मुलं पातळी गाठत होती आणि गुणांचं वितरण घंटेच्या आकाराचं आहे. तर ३ टक्क्यांची घट म्हणजे १.८ टक्के अंक, आणि त्यासाठी सरासरी साधारण ०.०४६ प्रमाण विचलनाने सरकावी लागेल. पाच दिवसांनी भागलं की दिवसाला ०.००९. माझं गृहीतक बदललं तर आकडा थोडा हलेल, पण अंदाज आला: साधा भाव ०.००३, मेरीलँडचा बंद दिवस ०.००९ च्या आसपास, गुडमन यांची गैरहजेरी ०.०५. तीन आकडे एका रांगेत ठेवले की 'एकाने सांगितलं परिणाम आहे, दुसऱ्याने सांगितलं नाही' एवढ्या भांडणापेक्षा जास्त काहीतरी हाती लागतं. मेरीलँडचा आकडा साध्या भावाच्या तिप्पट आहे, आणि ती जास्तीची दोनपट अर्ध्या भरलेल्या दिवसांची असावी हा गुडमन यांचा संशय एकदम शक्य वाटायला लागतो.

शून्याची दुसरी मर्यादा म्हणजे कक्षा. गुडमन यांची आकडेवारी २००३ ते २०१० ची. त्यानंतर २०१४-१५ च्या हिवाळ्यात बॉस्टनमध्ये ११०.६ इंच बर्फ पडला, म्हणजे जवळपास २८१ सेंटिमीटर, तिथला विक्रम. जानेवारीच्या अखेरीपासून एकामागून एक वादळं आली आणि शाळा पुन्हा पुन्हा बंद राहिल्या. दोन-तीन सुटे दिवस शिक्षक भरून काढू शकतो. लागोपाठचे आठवडे खंडित झाले तर भरून काढायला जागाच कुठे उरते? आणि महामारीतल्या महिनोन्‌महिन्यांच्या बंद शाळांवर हा शून्य लावणं तर सरळ गैरवापर होईल. 'शिक्षक एकत्रित खंड चांगला हाताळतात' हे विधान खंड लहान असेपर्यंतचं आहे.

तिसरी मर्यादा म्हणजे मोजलं काय. गुण. बंद दिवशी अमेरिकेत लाखो मुलांचं शाळेतलं मोफत किंवा स्वस्त जेवण बुडतं. ताशी पगारावरच्या आईला कामावर जायचं की मूल सांभाळायचं हे ठरवावं लागतं. गणिताच्या गुणांत शून्य आलं म्हणजे घरात शून्य आलं असं नाही.

थंडीचं काय? आणि ऑनलाइन दिवसाचं?

आतापर्यंत आपण बर्फाबद्दल बोललो. पण शाळा नुसत्या थंडीनेही बंद होतात. ६ जानेवारी २०१४ ला मिनेसोटाचे गव्हर्नर मार्क डेटन यांनी राज्यातल्या सगळ्या सरकारी शाळा थंडीमुळे बंद ठेवल्या. ३० जानेवारी २०१९ ला शिकागोत पारा उणे ३० अंश सेल्सिअसच्या आसपास गेला. तिथल्या सरकारी शाळा त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशीही बंद होत्या. अशा थंडीत वारा असेल तर उघड्या त्वचेला काही मिनिटांत हिमदंश होतो. रस्ते मोकळे असले तरी मुलाला बसथांब्यावर दहा मिनिटं उभं करणं धोक्याचं असतं.

गुडमन यांचा तर्क इथे जसाच्या तसा लागू होईल का? थंडीत गैरहजेरी समान विखुरलेली नसते. ज्याच्या घरी गाडी आहे त्याचं मूल दारातून दारात पोहोचतं. ज्याला बसची वाट बघायची किंवा चालत जायचंय, ज्याच्याकडे जाड कोट नाही, तो राहतो. म्हणजे शाळा उघडी ठेवली तर गैरहजेरी गरीब मुलांत साचणार. अशा दिवशी सगळ्यांना एकदम सुट्टी देणं हे लाड नसून समतेचा निर्णय ठरू शकतो. हा माझा तर्क आहे, सिद्ध झालेली गोष्ट नाही. पण पीएचडीचा एक प्रकरणभर प्रश्न यात नक्की आहे.

याहून ताजा प्रश्न ऑनलाइनचा. महामारीनंतर बऱ्याच अमेरिकन जिल्ह्यांनी स्नो डे रद्द करून त्या दिवशी घरून वर्ग सुरू केले. १३ फेब्रुवारी २०२४ ला न्यूयॉर्क शहराने तेच केलं, आणि सकाळी असंख्य मुलांना, शिक्षकांना लॉग-इनच करता येईना. प्रशासनाच्या दृष्टीने दिवस वाचला, १८० मध्ये मोजला गेला.

पण गुडमन यांच्याच यंत्रणेने विचार करा. पूर्ण बंद दिवस म्हणजे एकत्रित खंड, शिक्षक तो पेलतो. अर्धवट जोडला गेलेला ऑनलाइन दिवस म्हणजे विखुरलेली गैरहजेरी: कुणाकडे नेट नाही, कुणाकडे एका लॅपटॉपवर तीन भावंडं. मग हा 'वाचवलेला' दिवस चक्क सुट्टीपेक्षा वाईट ठरू शकतो! पेपर २०१४ चा, पण त्याचा सगळ्यात उपयोगी निष्कर्ष त्यात छापलेलाच नाही. चांगल्या पेपरची ही खूण मानायला हरकत नाही.

'सर, मी हेच पावसावर करू का?'

हा प्रश्न तुमच्यापैकी कुणीतरी विचारणारच. उत्तर भारतात जानेवारीत थंडीच्या लाटेने शाळा बंद होतात, आपल्याकडे अतिवृष्टीच्या इशाऱ्यावर जिल्हाधिकारी सुट्टी जाहीर करतात. पर्जन्यमानाचे आकडे मिळतात. मग बर्फाच्या जागी पाऊस घातला की झाला का प्रबंध?

करा, पण आधी दुसऱ्या वाटा मोजा. कोकणात जुलैचा पाऊस म्हणजे भातलावणी. घरातली मोठी माणसं शेतात, थोरली मुलगी धाकट्याला सांभाळायला घरी. म्हणजे पाऊस फक्त रस्ता अडवून हजेरी घटवत नाही, मजुरी आणि काम वाढवूनही घटवतो. मनीषा शाह आणि ब्राइस स्टाइनबर्ग यांनी २०१७ साली 'जर्नल ऑफ पोलिटिकल इकॉनॉमी'त भारतावर नेमकं हेच दाखवलं: पाऊस चांगला झाला की मजुरी वाढते आणि शाळकरी वयाच्या मुलांचं शिकणं घसरतं. मॅसॅच्युसेट्समधल्या बर्फाला शेतीचं उत्पन्न चिकटलेलं नाही, आपल्या पावसाला आहे. शिवाय पुरात घरात पाणी शिरतं, वह्या-पुस्तकं जातात. एकाच वाटेची अट इथे टिकवणं फार अवघड.

आणखी दोन गोष्टी. गुडमन यांच्याकडे प्रत्येक मुलाची वर्षाची गैरहजेरी आणि राज्यभर एकसारखी परीक्षा, दोन्ही होती. तुमच्या हजेरीपटावरचा आकडा आणि वर्गात बसलेली डोकी जुळतात का हे प्रत्यक्ष शाळेत जाऊन पडताळा. आणि पावसाळा वर्षाच्या सुरुवातीला येतो, परीक्षा कितीतरी महिन्यांनी. मध्ये भरून काढायला शिक्षकाला भरपूर वेळ आहे. म्हणून तुम्हालाही शून्य मिळालं, तर त्याचा अर्थ मॅसॅच्युसेट्सच्या शून्याहून वेगळा असेल.

आता हा पेपर हातात घ्या आणि सारांश झाकून आधी तक्ते वाचा. प्रत्येक तक्त्यापाशी एका ओळीत लिहा: इथे कोणत्या दिवसाची तुलना कोणत्या दिवसाशी आहे? मग सारांश उघडा आणि तुमच्या ओळी त्याच्याशी ताडून पाहा. दोन तासांचं काम आहे. पुढच्या लेखात त्या विश्वासाच्या मर्यादेचा हिशेब आपण टप्प्याटप्प्याने करू, तेव्हा गृहपाठ करून या.